आधी सोय, मग पारख

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना अंमलात आली आणि नागपूरचे उच्च न्यायालय जबलपूरला गेले. १९३६ साली स्थापन झालेले हे न्यायालय आपल्या दप्तरांसह, ग्रंथांसह आणि प्रलंबित दाव्यांसह नव्या मध्यप्रदेशाचे उच्च न्यायालय बनले. नागपूरचे मुख्य न्यायाधीश हिदायतुल्ला तेच जबलपूरचे पहिले मुख्य न्यायाधीश झाले. राजधानी भोपाळला आणि न्यायासन जबलपूरला, अशी ती वाटणी होती. नागपूरकरांना तिचे दुःख पुष्कळ दिवस पुरले. जबलपूर मात्र मराठी माणसाला सर्वस्वी परके नव्हते. १७८१ मध्ये गोंड राजवट संपल्यावर ते सागरच्या मराठ्यांकडे आले, पुढे नागपूरकर भोसल्यांकडे गेले, आणि १८१७ पर्यंत त्यांच्याच अमलाखाली राहिले. ह्या शहरातील न्यायालयाचा व्यवहार मराठी घराण्यांना आपल्या घरच्या इतिहासाचा एक भाग वाटावा, हे म्हणूनच स्वाभाविक आहे.

ह्याच न्यायालयाच्या कक्षेतील एक भरतीनियम अलीकडे देशभर चर्चिला गेला. मध्यप्रदेशातील कनिष्ठ न्यायाधीशांची निवड १९९४ च्या सेवानियमांप्रमाणे होते. त्यांतील सहा-अ ह्या क्रमांकाच्या नियमात ह्या पदासाठी अर्ज करण्यास पात्र असणाऱ्या व्यक्तींच्या कक्षेतून दृष्टिहीन आणि मंददृष्टी उमेदवार वगळले गेले होते. उमेदवार कायद्याचा पदवीधर असो, त्याची बुद्धी कितीही तल्लख असो, त्याला परीक्षेच्या दारापर्यंत जाण्याचीच मुभा नव्हती. २०२४ साली अशा एका उमेदवाराच्या आईने देशाच्या सरन्यायाधीशांना पत्र लिहिले. त्या वेळी सरन्यायाधीशपदी न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड होते. तुरुंगातील कैद्याने लिहिलेल्या चिठ्ठीलाही अर्ज मानण्याचा पायंडा सर्वोच्च न्यायालयाने १९७० नंतरच्या दशकाच्या अखेरीस पाडला होता. त्याच परंपरेला अनुसरून ह्या पत्राची दखल घेण्यात आली आणि न्यायालयाने आपण होऊन प्रकरण दाखल करून घेतले. राजस्थानातील न्यायिक सेवेच्या भरतीसंबंधीचे काही वादही पुढे त्याला जोडले गेले. ३ मार्च २०२५ रोजी न्यायमूर्ती पारडीवाला आणि न्यायमूर्ती महादेवन यांनी त्याचा निकाल दिला आणि सहा-अ हा नियम त्या मर्यादेपुरता रद्द केला.

वर्तमानपत्रांनी बातमी दिली ती एवढीच. परंतु त्या निकालात एक विधान आहे, आणि ते ह्या सबंध विषयाच्या इतिहासाला वळण देणारे आहे. एखादी अपंग व्यक्ती पात्र आहे की नाही हे ठरविण्यापूर्वी तिला वाजवी सोय पुरविली पाहिजे, सोय ही पात्रतेच्या पारखीची पूर्वअट आहे, असे न्यायालयाने म्हटले. क्रमाचा हा बदल वरवर पाहता किरकोळ वाटतो. आजवरचा रिवाज उलटा होता. आधी पारख करावयाची, तीत कोणी उतरलाच तर मग दयाबुद्धीने त्याची काही सोय पाहावयाची. हा रिवाज कोठून आला आणि तो मोडण्यास इतका काळ का लागला, हे पाहण्यासारखे आहे.

महाभारताची सारी गुंतागुंत एका अपात्रतेपासून सुरू होते. धृतराष्ट्र वडील, पण जन्मांध. म्हणून राज्य पांडूकडे गेले. पुढे तोच धृतराष्ट्र वर्षानुवर्षे सिंहासनावर बसला आणि राज्य बुडाले ते त्याच्या दृष्टीच्या अभावाने नव्हे, तर पुत्रमोहाने, हे व्यासांनी पुरेसे स्पष्ट केले आहे. तरीही लोकांच्या मनात ठसला तो पहिलाच निर्णय. मनुस्मृतीच्या नवव्या अध्यायात जन्मांध, बधिर, मुका, वेडा इत्यादिकांना वारशाचा वाटा नाकारला आहे. याज्ञवल्क्यस्मृतीचा रोखही तोच, आणि महाराष्ट्राला प्रमाण असलेल्या मिताक्षरेनेही तो पुढे चालविला. मात्र ह्या शास्त्रकारांना निष्ठुर म्हणणे अन्यायाचे होईल. वाटा नाकारल्यावर लगेच त्यांनी ग्रासाच्छादनाची, म्हणजे अन्नवस्त्राची, जबाबदारी वाटेकऱ्यांवर टाकली आणि ती टाळणाऱ्याला पतित ठरविले. अपंगाला घरात पोसावे, पण कारभारात त्याला स्थान नसावे, अशी ही व्यवस्था होती. तिच्यात करुणा आहे, अधिकार नाही. पुढच्या दोन हजार वर्षांत ज्याला आपण अपंगांची सेवा म्हणत आलो, तिचा साचा हाच राहिला. १९२८ च्या कायद्याने मिताक्षर पंथातील बहुतेक अशा वारसांवरील बंदी उठली. बंगालच्या दायभाग पंथाला तो कायदा लागू नव्हता. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने रोग, व्यंग किंवा विरूपता ह्या कारणास्तव कोणालाही वारसा नाकारता येणार नाही असे निःसंदिग्धपणे सांगितले. ज्या वर्षी न्यायासन जबलपूरला आले त्याच वर्षी अंध मुलाला बापाच्या शेतात संपूर्ण हक्काचा वाटा मिळाला. न्यायासनावर बसण्याचा वाटा मिळण्यास त्यानंतर एकोणसत्तर वर्षे लागली.

शास्त्राने अपात्र ठरविलेल्या माणसाची योग्यता सोयीनिशी कोठवर जाते, ह्याचे उदाहरण शोधण्यास फार दूर जावयास नको. अमरावती जिल्ह्यातील माधानचे गुलाबराव महाराज १८८१ साली जन्मले आणि तान्हेपणीच त्यांची दृष्टी गेली. चौतीस वर्षांच्या आयुष्यात त्यांनी वेदान्त, भक्ती, संगीत, आयुर्वेद, काव्य इतक्या विषयांवर शंभराहून अधिक ग्रंथ रचले. लोक त्यांना प्रज्ञाचक्षू म्हणतात. त्यांच्या अनुयायांचा कल ही ईश्वरी देणगी मानण्याकडे आहे, आणि तो श्रद्धेचा भाग झाला. इतिहासाच्या दृष्टीने लक्षात घेण्याजोगी गोष्ट निराळी आहे. त्यांना कोणीतरी सतत वाचून दाखवीत होते आणि ते सांगत ते कोणीतरी सतत लिहून घेत होते. वाचक आणि लेखनिक ह्या दोन सोयी भक्तीपोटी त्यांना मिळाल्या. ज्या अंध मुलाला भक्त मिळाले नाहीत त्याच्या वाट्याला त्याच काळात बहुधा भजनी मंडळातील टाळ किंवा देवळाची पायरी आली.

शाळा आल्या त्या मिशनऱ्यांबरोबर. मुंबईत १८८० नंतरच्या दशकात मूकबधिरांची शाळा निघाली. अंधांसाठी अमृतसरला १८८७ मध्ये ॲनी शार्प यांनी पहिली शाळा काढली, आणि मुंबईत १९०० साली अमेरिकन मराठी मिशनच्या ॲना मिलार्ड बाईंनी काढली. तीत मराठी मुले बोटांनी वाचू लागली. पण कोणत्या लिपीत? प्रत्येक शाळेची, प्रत्येक प्रांताची ब्रेल निराळी होती. लुई ब्रेल ह्या फ्रेंच तरुणाने १८२९ साली सहा ठिपक्यांची लिपी प्रसिद्ध केली, तिचे भारतीय भाषांत इतके वेगवेगळे अवतार झाले की मुंबईत शिकलेला मुलगा अन्यत्र छापलेले पुस्तक वाचू शकेना. १९५१ मध्ये भारती ब्रेल सर्वत्र मान्य झाली, आणि त्याच वर्षी डेहराडूनला सरकारी ब्रेल छापखाना सुरू झाला. एकच लिपी ठरविणे ही स्वतंत्र भारताने अंध विद्यार्थ्यांची केलेली पहिली मोठी सोय होय. तिच्यावर समारंभ झाले नाहीत, आणि आजही तिचा उल्लेख फारसा कोणी करीत नाही.

कारखान्यांच्या जगात ह्याच प्रश्नाला निराळे रूप आले. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याला एक परिशिष्ट होते. हात गेला तर कमाईची शक्ती किती टक्के घटली, अंगठा गेला तर किती, एक डोळा गेला तर किती, ह्याचे कोष्टक त्यात दिले होते. भरपाईची रक्कम काढण्यास असे कोष्टक लागतेच. त्याला नावे ठेवण्याचे कारण नाही. परंतु सरकारी कामकाजाची एक खोड अशी की एका कामासाठी बनविलेले माप दुसऱ्या कामाला सर्रास वापरले जाते. नुकसान मोजण्याचा टक्का हळूहळू माणसाची योग्यता मोजू लागला. दाखल्यावरील आकडा पाहावयाचा आणि हा शिकू शकेल की नाही, काम करू शकेल की नाही, हे त्यावरून ठरवावयाचे, अशी पद्धत रूढ झाली. १९९५ च्या अपंग व्यक्ती कायद्याने चाळीस टक्क्यांची रेघ मारली. ती सवलती कोणाला द्याव्या हे ठरविण्यासाठी होती. गंमत अशी की चाळीस टक्क्यांच्या खाली असणाऱ्याला सोय नाही आणि फार वर असणाऱ्याला प्रवेश नाही, अशा दुहेरी कात्रीत कित्येक विद्यार्थी सापडले. महाराष्ट्रातील एका विद्यार्थ्याच्या वैद्यकीय प्रवेशाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला ऑक्टोबर २०२४ मध्ये सांगावे लागले की नुसत्या टक्क्यावरून कोणालाही बाद करता येणार नाही. हा विद्यार्थी हा अभ्यासक्रम पुरा करू शकेल काय, ते तपासणाऱ्या मंडळाने प्रत्यक्ष पाहून ठरविले पाहिजे.

जबलपूरकरांना टक्क्यांची ही भाषा नवी नाही. १९०४ साली तेथे तोफगाड्यांचा कारखाना निघाला, दुसऱ्या महायुद्धाच्या काळात खमरियाचा दारूगोळ्याचा कारखाना आला, पुढे लष्करी वाहनांचा आला. रेल्वेचे तर ते जुने जंक्शन; २००३ पासून पश्चिम मध्य रेल्वेचे मुख्यालयही तेथेच आहे. रेल्वेत एक जुनी रीत आहे आणि तिच्याकडे जितके लक्ष जावयास हवे होते तितके गेलेले नाही. इंजिन चालविणाऱ्याची नजर ठरावीक मुदतीने तपासली जाते. सिग्नलचा रंग त्याला नीट दिसेना झाला की त्याला इंजिनावरून उतरवितात. हे योग्यच आहे. हजार प्रवाशांचे प्राण त्यावर अवलंबून असतात. पण उतरविलेल्या माणसाला घरी न पाठविता त्याला झेपेल अशा दुसऱ्या जागी सामावून घेण्याचे नियम रेल्वेने केले आहेत. तेथे प्रश्न विचारला जातो तो हा माणूस निकामी झाला काय असा नव्हे, तर तो कोणत्या कामाचा राहिला असा. १९९५ च्या कायद्याच्या सत्तेचाळिसाव्या कलमाने हेच तत्त्व सर्व सरकारी नोकऱ्यांना लागू केले. नोकरीत असताना अपंगत्व आले तर काढून टाकावयाचे नाही, पगार राखून दुसरे काम द्यावयाचे, आणि तसे काम नसेल तर मिळेपर्यंत जादा जागा निर्माण करून तीवर ठेवावयाचे. २००३ साली एका निमलष्करी दलातील शिपायाचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. पाय गमावल्यामुळे त्याला निवृत्तिवेतन देऊन मोकळे करण्यात आले होते. पेन्शन मिळते म्हणून हे कलम टळत नाही, असे न्यायालयाने ठरविले. पेन्शन म्हणजे पुन्हा ग्रासाच्छादनच.

नोकरीत आधीच असलेल्याला टिकविणे आणि बाहेरच्याला आत घेणे ह्यांत मात्र अंतर आहे. बाहेरच्याचा प्रवेश परीक्षेतून होतो, आणि परीक्षा म्हणजे आपल्या देशात हाताने लिहावयाचा तीन तासांचा मजकूर. ज्याला कागद दिसत नाही त्याने काय करावे? लोकसेवा आयोगाची परीक्षा ब्रेलमध्ये किंवा लेखनिकाच्या साहाय्याने देण्याची मुभा अंध उमेदवारांना १९९३ मध्ये मिळाली, तीही सर्वोच्च न्यायालयात जाऊन. त्यानंतर लेखनिक कसा असावा ह्यावर वीस वर्षे खल झाला. लेखनिक हुशार असला तर तोच उत्तरे सांगेल, हे भय. म्हणून कित्येक ठिकाणी नियम असा की तो कमी शिकलेला असावा, त्या विषयाचा नसावा. परिणामी गणिताचा पेपर लिहून घेण्यास बसलेल्याला गणिताची चिन्हेच ठाऊक नसत, आणि विद्यार्थ्याचा निम्मा वेळ त्याला शिकविण्यात जाई. २०१३ च्या केंद्रीय सूचनांनी लेखनिकाच्या शिक्षणावरील बंधने सैल केली आणि प्रत्येक तासाला किमान वीस मिनिटे जादा देण्यास सांगितले. २०१८ मध्ये पुन्हा काही बदल झाले. वीस मिनिटांचा हा वेळ म्हणजे मेहेरबानी नव्हे. बोलून लिहविणे आणि लिहिलेले पुन्हा वाचवून घेणे ह्यांस लागणारा तो साधा हिशेब आहे.

येथवर ‘सवलत’ आणि ‘सोय’ हे दोन शब्द आलटून पालटून वापरले गेले, पण ते एक नव्हेत. सवलत म्हणजे नियमातून दिलेली सूट. तीत कसोटी तीच राहते, एकाला थोडे झुकते माप मिळते. सोय म्हणजे कसोटीपर्यंत पोचण्याचा रस्ता. वाजवी सोयीची कल्पना अमेरिकेत आधी धर्माच्या संदर्भात आली. शनिवारी काम न करणाऱ्या पंथाच्या नोकराला वेळापत्रकात थोडा फेरफार करून द्यावा काय, हा मूळ प्रश्न. १९७३ च्या पुनर्वसन कायद्यानंतर ती अपंगांच्या संदर्भात रुजली आणि १९९० च्या अमेरिकन कायद्याने सर्वत्र नेली. २००६ साली संयुक्त राष्ट्रांच्या करारात ती आली. भारताने तो करार २००७ मध्ये मान्य केला आणि २०१६ च्या कायद्यात तिची व्याख्या घातली. एखाद्या विशिष्ट प्रकरणात, अवाजवी बोजा न पडता, इतरांच्या बरोबरीने हक्क भोगता यावेत म्हणून केलेला आवश्यक फेरफार, असा त्या व्याख्येचा आशय आहे. तीत ‘विशिष्ट प्रकरणात’ ही अट महत्त्वाची. सर्व अंधांना एकच सोय द्या असे कायदा म्हणत नाही. ह्या माणसाला काय लागते ते विचारा, असे म्हणतो.

न्यायालयांनीही हे एका दमात स्वीकारले नाही. तमिळनाडूत २००९ साली टी. चक्रवर्ती हे दृष्टिहीन गृहस्थ न्यायाधीश झाले होते. त्याच राज्याने पुढे दिवाणी न्यायाधीशाच्या राखीव जागांसाठी चाळीस ते पन्नास टक्के अपंगत्वाची मर्यादा घातली, आणि जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती उचलून धरली. न्यायाधीशाला पाहण्याची, ऐकण्याची व बोलण्याची काही किमान शक्ती असलीच पाहिजे, असा त्या निकालाचा आधार होता. दोन वर्षांनी, फेब्रुवारी २०२१ मध्ये, लिहिताना हात आखडणाऱ्या एका उमेदवाराला लेखनिक मिळावा की नाही ह्या प्रकरणात न्या. चंद्रचूड यांनी निकाल लिहिला. २०१९ च्या निर्णयात वाजवी सोयीच्या तत्त्वाचा विचारच झाला नसल्याने तो बंधनकारक मानता येणार नाही, असे त्यात नमूद झाले. जबलपूरच्या नियमाचे भवितव्य तेव्हाच ठरले होते, असे म्हणावयास हरकत नाही.

तथापि २०१९ च्या निकालामागील शंका टाकाऊ नव्हती, आणि तिला उत्तर देणे भाग आहे. न्यायाधीशाने साक्षीदाराचा चेहरा पाहावयाचा असतो. उलटतपासणीत तो चाचरला काय, नजर चुकवितो काय, हे टिपून ठेवण्याचा अधिकार प्रक्रियासंहितेनेच त्याला दिला आहे. खरेदीखतावरील सही, नकाशा, छायाचित्र हे सर्व डोळ्यांनीच पाहावयाचे. मग अंध न्यायाधीश हे कसे करील?

लंडनच्या बो स्ट्रीटवरील न्यायदंडाधिकारी सर जॉन फील्डिंग एकोणिसाव्या वर्षी दृष्टी गमावून बसले होते. कादंबरीकार हेन्री फील्डिंग यांचे ते सावत्र भाऊ, आणि १७५४ मध्ये त्यांच्यामागून त्या जागेवर आले. सुमारे पंचवीस वर्षे त्यांनी ते काम केले आणि लंडनच्या पोलीसव्यवस्थेचा पाया घालणाऱ्यांत त्यांची गणना होते. हजारो गुन्हेगारांना ते नुसत्या आवाजावरून ओळखीत, अशी त्यांची ख्याती होती. ख्यातीत अतिशयोक्ती असेल. पण खोटे बोलणाऱ्याचा आवाज त्याच्या चेहऱ्याइतकाच, किंबहुना अधिक, फितूर असतो, हे कोणताही अनुभवी वकील मान्य करील. आपल्या काळात दक्षिण आफ्रिकेच्या घटनात्मक न्यायालयात झॅक याकूब यांनी १९९८ ते २०१३ पर्यंत न्यायदान केले. सोळा महिन्यांचे असताना त्यांची दृष्टी गेली होती. वॉशिंग्टनच्या अपील न्यायालयात डेव्हिड टेटल १९९४ पासून जवळजवळ तीस वर्षे बसले. ह्यांतील कोणाचाही निकाल तो अंध होता म्हणून फिरविला गेला, असे ऐकिवात नाही.

आणि कागदाचे म्हणाल, तर आपल्या न्यायालयांतच त्याचे उत्तर रोज उभे असते. मध्यप्रदेशातील कोणत्याही कोर्टात न्यायाधीशापुढे, थोड्या खालच्या आसनावर, एक कर्मचारी बसलेला दिसतो. त्याला रीडर म्हणतात. जुन्या बोलीत पेशकार. प्रकरण पुकारणे, कागद पुढे ठेवणे, तारखा नोंदविणे हे त्याचे काम. शेजारी निकाल लिहून घेणारा लघुलेखक असतो. डोळस न्यायाधीशाला सरकार वाचक आणि लेखनिक दोन्ही पुरविते, आणि त्याला कोणी सोय म्हणत नाही. तो आस्थापनेचा भाग समजला जातो. तीच माणसे अंध न्यायाधीशाजवळ बसविली की मात्र तो खर्च, तो बोजा, ती सवलत ठरते. गुलाबराव महाराजांना जे भक्तांकडून मिळाले, ते जबलपूरच्या कोर्टात वेतनश्रेणीसह कित्येक पिढ्या हजर होते. त्याकडे ह्या दृष्टीने पाहिले गेले नाही एवढेच.

मार्च २०२५ च्या निकालाने आणखी एक गाठ सोडविली. २०२३ साली मध्यप्रदेशच्या नियमांत सुधारणा होऊन उमेदवाराला तीन वर्षांचा वकिलीचा अनुभव तरी हवा, नाहीतर पहिल्याच प्रयत्नात सत्तर टक्के गुणांसह पदवी तरी हवी, अशी अट घातली गेली होती. अट अपंगांना इतरांसारखीच होती, म्हणून ती निष्पक्ष दिसे. परंतु ज्याची पाठ्यपुस्तके त्याला वाचता येतील अशा रूपात वर्ष संपेपर्यंत हाती येत नाहीत, ज्याचा लेखनिक ऐन परीक्षेच्या दिवशी बदलतो, त्याचा पहिला प्रयत्न आणि इतरांचा पहिला प्रयत्न एका मापाने कसा मोजावा? सारखा नियमही विषम परिणाम घडवितो, आणि त्यालाही भेदभावच म्हणावे लागते, अशी न्यायालयाची भूमिका होती. अपंग उमेदवारांपुरती ही अट त्याने रद्द केली आणि निवडीच्या प्रत्येक टप्प्यावर दृष्टिहीनांच्या गुणांची सीमा स्वतंत्र लावावी असे सांगितले.

पण गोष्ट येथे संपत नाही. त्यानंतर अडीच महिन्यांनी, २० मे २०२५ रोजी, सर्वोच्च न्यायालयाच्याच दुसऱ्या पीठाने एका जुन्या प्रकरणात निकाल दिला. पीठाचे प्रमुख अमरावतीचे न्यायमूर्ती भूषण गवई, नुकतेच सरन्यायाधीश झालेले. देशातील सर्व राज्यांत न्यायिक सेवेच्या तळच्या पायरीसाठी तीन वर्षांची वकिली पुन्हा आवश्यक ठरली. पुढील भरतींना ती लागू झाली. निकालाचे कारण समजण्यासारखे आहे: महाविद्यालयातून थेट न्यायासनावर आलेल्या तरुणांना कोर्टाचा व्यवहार माहीत नसतो, अशी उच्च न्यायालयांची तक्रार होती. परंतु मार्चमध्ये अपंग उमेदवारांपुरती जी अट उठली होती, तीच मेमध्ये सर्वांसाठी परत आली, आणि दोहोंची सांगड कशी घालावयाची हा प्रश्न उभा राहिला. मार्चच्या निकालाचाच क्रम येथे लावला, तर अनुभवाची अट घालण्यापूर्वी तो अनुभव मिळविण्याची वाट मोकळी असली पाहिजे.

ती वाट पाहावयाची तर कोणत्याही जिल्हा न्यायालयाच्या आवारात जावे. तरुण अंध वकिलाला आता संगणक वाचून दाखवितो. पडद्यावरील मजकूर आवाजात उतरविणारी साधने सुलभ झाली आहेत. पण ती साधने अक्षरे वाचतात, चित्र वाचीत नाहीत. कागद यंत्रावर नुसता छायाचित्रासारखा टिपला, की संगणकाच्या दृष्टीने त्यावर अक्षर उरत नाही. दावा, कैफियत, जबाब, पंचनामा, शेकडो पाने अशी टिपलेली असतात, त्यांतील बरीच हस्ताक्षरात, काही शिक्क्यांखाली दबलेली. प्रकरणाची तारीख भिंतीवरच्या कागदावर किंवा दाराशी लागलेल्या पाटीवर झळकते. वकीलखोलीकडे जाणारा जिना, पक्षकाराची पहिली भेट, आणि त्याच्या मनातील तो न विचारलेला प्रश्न: हे वकीलसाहेब माझा कागद वाचणार कसा? सार्वजनिक इमारती व सेवा सुगम करण्याचे नियम नुसते मार्गदर्शक ठेवून भागणार नाही, ते बंधनकारक हवेत, असे सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दुसऱ्या एका प्रकरणात ठरविले आणि केंद्र सरकारला असे नियम करण्यास तीन महिन्यांची मुदत दिली. न्यायालयांची आवारे ह्याच सार्वजनिक इमारतींत मोडतात, आणि पहिली तीन वर्षे ह्या वकिलाला काढावयाची आहेत ती तेथेच, रीडरच्या समोरच्या बाजूला, जेथे त्याच्यासाठी कागद वाचणारा कोणी नेमलेला नसतो.